त्याचं ते दुःख, तिचे ते थेर

पुरुष दारू पिऊन रडायला लागला, की त्याला दर्द म्हणतात. बाईनं न पिता नुसता एक प्रश्न विचारला, की त्याला थेर म्हणतात. हे वाक्य अस्सल माझं आहे. फक्त ते सुचायला मला वयाची पंचाहत्तरी ओलांडावी लागली, एक जुनी रेकॉर्ड ऐकावी लागली आणि आमच्या सोसायटीच्या सेक्रेटरींशी भांडावं लागलं. भांडणाशिवाय मराठी माणसाला तत्त्वज्ञान सुचत नाही, हा इतिहास आहे.

त्याचं असं झालं. माझा भाचा अमेरिकेत नॅशव्हिल गावी नोकरीला असतो. दर खेपेला येताना तो बदाम, चॉकलेटं आणि मला न होणारे टी-शर्ट आणतो. या खेपेला त्यानं एक रेकॉर्ड आणली. "मामा, तुमचा तो रेकॉर्डप्लेअर अजून चालतो ना?" असं त्यानं विचारलं. चालतो म्हणजे काय! आमच्या घरातला तो एकच प्राणी आहे की जो मी सांगितल्यावर फिरतो.

रेकॉर्ड होती किटी वेल्स नावाच्या बाईची. साल १९५२. कंपनी डेक्का. गाण्याचं नाव 'इट वॉझन्ट गॉड हू मेड हाँकी टाँक एंजल्स'. नाव वाचूनच मला धाप लागली. भाच्यानं समजावून सांगितलं. हाँकी टाँक म्हणजे तिकडचा गुत्ता, पण नुसता गुत्ता नव्हे. तिथं दारू असते, नाच असतो आणि नाणं टाकलं की गाणं वाजवणारं यंत्रही असतं. आमच्या तरुणपणी मुंबईत काही इराण्यांकडे असला ज्यूकबॉक्स असे. तेव्हा त्या इराण्यातून चहा वजा केला आणि बाटली मिळवली, की झाला हाँकी टाँक. आणि तिथं रात्री रमणाऱ्या बायका म्हणजे त्या एंजल्स, अप्सरा. या अप्सरा काही देवानं घडवलेल्या नाहीत, असं किटीबाईंचं म्हणणं. मग कुणी घडवल्या? तेच तर गाणं!

आता हे म्हणणं त्यांना आपणहून सुचलेलं नव्हतं. ते उत्तर होतं. त्याच वर्षी टेक्सासच्या हँक थॉम्प्सन नावाच्या गायकाचं 'द वाइल्ड साइड ऑफ लाइफ' हे गाणं तिकडे तुफान चाललं होतं. त्यात एक गृहस्थ रडतात. त्यांची बायको म्हणे त्यांना सोडून गुत्त्यातल्या झगमगाटात गेली, आणि असल्या बायका देव घडवतो हे आपल्याला ठाऊकच नव्हतं, असा त्यांचा विलाप आहे. हा विलाप 'बिलबोर्ड' साप्ताहिकाच्या कंट्री गाण्यांच्या यादीत पंधरा आठवडे पहिल्या नंबरावर होता. पंधरा आठवडे म्हणजे आपल्या चातुर्मासाला थोडेच कमी! एवढे दिवस एका माणसाची बायको पळाली म्हणून सारा देश डोळे पुसत होता. ती का पळाली, हे विचारायचं मात्र कुणाला सुचलं नाही.

ते सुचलं जे. डी. मिलर नावाच्या लुइझियानातल्या गीतकाराला. होय, पुरुषालाच. हे आधीच सांगून टाकतो, नाहीतर तुम्ही मला मध्येच पकडाल. आपल्याकडेही लावणीतली विरहिणी बहुतेक शाहिरांनीच लिहिली आणि बाईनं गायिली. पुरुषाला बाईचं म्हणणं कळत नाही असं नाही हो. कळतं, उत्तम कळतं. फक्त ते तिनं तोंडानं म्हटलं, की त्याला कानठळ्या बसतात.

मिलरसाहेबांनी लिहिलं ते थोडक्यात असं : चांगल्या पोरी वाया जातात त्याला देव जबाबदार नाही, घरी लग्नाची बायको असून बाहेर ब्रह्मचाऱ्यासारखे हिंडणारे नवरे जबाबदार आहेत. बस्स! यात क्रांती नाही, शिवी नाही, एकही चावट शब्द नाही. आमच्या शेजारच्या काकू नळावर याच्या दसपट बोलत असत.

आणि म्हणणारी बाई कोण? कुणी झगमगती, डोळे मोडणारी ललना नव्हे. किटी वेल्स म्हणजे मूळची म्युरिएल एलन डीसन. जन्म १९१९ सालचा, नॅशव्हिलचाच. १९३७ साली जॉनी राइट नावाच्या गायकाशी लग्न झालं. तीन मुलं. १९५२ साली वय बत्तीस. आधी दुसऱ्या एका कंपनीसाठी काढलेल्या रेकॉर्डी चालल्या नव्हत्या, आणि आता गाणं सोडून घरीच बसावं असं बाईंच्या मनात घोळत होतं. हे गाणंसुद्धा काही स्त्रीजातीच्या उद्धारासाठी गाते, असं त्यांनी कधी म्हटलं नाही. रेकॉर्डिंगचे ठरलेले सव्वाशे डॉलर मिळतील म्हणून त्या ३ मे १९५२ रोजी नॅशव्हिलच्या कॅसल स्टुडिओत गेल्या, गाणं गायल्या आणि घरी परत आल्या. मला वाटतं, घरी जाऊन त्यांनी भांडी घासली असतील. क्रांत्या अशाच होतात. ज्यांना करायच्या असतात ते भाषणं करतात, आणि ज्यांच्या हातून होतात त्यांना स्वयंपाकाची घाई असते.

आणि चाल? चाल कुणाची होती म्हणता? तीच! हँकरावांच्या रडगाण्याची. अर्थात तीही त्यांच्या मालकीची नव्हतीच. कार्टर फॅमिलीनं १९२९ साली याच चालीवर एक प्रेमगीत गायलं होतं. रॉय अकफ यांनी १९३६ साली तिच्यावर धार्मिक गीत गायलं. म्हणजे प्रेम, भक्ती, दारू आणि जाब असा त्या एका चालीचा प्रवास. सिनेमाच्या चालीवर आरत्या म्हणणाऱ्या आम्हा लोकांना याचं नवल वाटायचं कारण नाही.

आता लक्ष द्या, कारण माझा मुद्दा इथं आहे. विषय तोच. गुत्ता तोच. चाल तीच. साल तेच. फरक एकच, पहिलं गाणं पुरुषाचं आणि दुसरं बाईचं. पुरुषाच्या गाण्याला पंधरा आठवड्यांचं सिंहासन मिळालं. बाईच्या गाण्यावर एनबीसी रेडिओनं बंदी घातली. कारण काय, तर गाणं सूचक आहे! नॅशव्हिलचा 'ग्रँड ओल ऑप्री' म्हणजे १९२५ पासून चालत आलेला तिथल्या रेडिओचा शनिवारचा जलसा. आपल्याकडच्या सवाई गंधर्वला जो मान, तोच तिकडे त्याला. तिथंही सुरुवातीला बाईंना सांगण्यात आलं की हे गाणं इथं म्हणू नका. दुसरं काही तरी म्हणा. काही तरी गोड.

'दुसरं काही तरी म्हणा' या वाक्याकडे मी पुन्हा येणार आहे. मला यावंच लागणार आहे.

तर ही रेकॉर्ड आणि ही हकिकत घेऊन मी आमच्या सोसायटीच्या जुन्या गाण्यांच्या कार्यक्रमाच्या बैठकीला गेलो. दर कोजागिरीला गच्चीवर हा कार्यक्रम होतो. प्रत्येकानं एक आवडतं गाणं आणायचं, दोन शब्द बोलायचे, मग मसाला दूध. सेक्रेटरींनी रेकॉर्ड हातात घेतली, चष्मा वर केला आणि 'हाँकी टाँक' हे शब्द शिवी वाचावी तसे वाचले.

"अर्थ काय याचा?"

मी अर्थ सांगितला.

"म्हणजे बारमधल्या बायकांचं गाणं?"

"बारमधल्या पुरुषांचं," मी म्हणालो. "बायका निमित्तमात्र."

"असलं नको. आपल्या कार्यक्रमाला एक प्रतिष्ठा आहे. घरच्या बायका असतात, मुली असतात. दुसरं काही तरी आणा."

मी दुसरं काही आणलं नाही. आमची ही आणि मी कोजागिरीला गच्चीवर जाऊन नुसते श्रोते म्हणून बसलो. हिची एक खोड आहे. कुठल्याही समारंभात तिच्या पर्समध्ये वाणसामानाची यादी आणि पेन्सिल असते. घरी आल्यावर त्या यादीच्या पाठीमागचा मजकूर तिनं मला वाचून दाखवला. एकूण गाणी सतरा. पैकी पुरुषांच्या आवाजातली तेरा. त्या तेरांपैकी सातांत नायकाला प्रेयसीनं फसवलेलं, चारांत तो प्यायलेला आणि दोनांत फसवल्यामुळे प्यायलेला. उरलेली चार बायकांच्या आवाजातली. त्यांपैकी तीन अंगाई आणि एक भूपाळी.

"रात्री साडेनऊला भूपाळी," ही म्हणाली. "पण प्रतिष्ठा सांभाळली हं तुमच्या सेक्रेटरींनी!"

आता यावर जे तीन युक्तिवाद नेहमी केले जातात, ते मी एकेक करून निकालात काढतो. सेक्रेटरी हे वाचतील अशी मला खातरी आहे, कारण अंक मीच त्यांच्या दारात टाकणार आहे.

पहिला युक्तिवाद : 'काळच तसा होता.' मान्य. पण काळ दोघांचाही तोच होता ना? मग तो हँकरावांना आडवा का आला नाही? काळ हा मोठा चतुर प्राणी आहे. पुरुष दिसला की तो रस्त्याच्या कडेला उभा राहतो आणि बाई दिसली की मधोमध आडवा पडतो.

दुसरा युक्तिवाद : 'लोकांना आवडत नाही हो असलं.' कोण म्हणतो? बंदी उन्हाळ्यातली, आणि ऑगस्टमध्ये हेच गाणं 'बिलबोर्ड'च्या कंट्री यादीत पहिल्या नंबरावर जाऊन बसलं. सहा आठवडे हललं नाही. एकट्या गायिकेनं त्या यादीत पहिला नंबर मिळवण्याची ती पहिलीच वेळ. तोवर धंद्यातली शहाणी माणसं सांगत होती की बायकांच्या रेकॉर्डी खपत नाहीत. दुकानात ठेवल्याच नाहीत तर खपतील कशा, हा प्रश्न शहाण्या माणसांना पडत नाही. म्हणून तर ती शहाणी.

आणि याच १९५२ सालात आपल्याकडे काय चाललं होतं? बाळकृष्ण विश्वनाथ केसकर, आपलेच मराठी गृहस्थ, नभोवाणी मंत्री झाले आणि त्यांच्या कारकिर्दीत ऑल इंडिया रेडिओवरून सिनेमाची गाणी जवळजवळ हद्दपार झाली. हेतू चांगला होता. घराघरांत शास्त्रीय संगीत पोचावं अशी त्यांची तळमळ होती. पण झालं काय? लोकांनी रेडिओचा काटा फिरवला आणि सिलोन लावलं. त्याच वर्षीच्या डिसेंबरात तिथं 'बिनाका गीतमाला' सुरू झाली, आणि अमीन सयानींचा आवाज ऐकायला सारा देश बुधवारची वाट पाहू लागला. माझे वडील बाहेर शास्त्रीय संगीताचे कैवारी होते. बुधवारी रात्री आठला मात्र ते रेडिओशी कान लावून 'हवामान' ऐकत असत. शेवटी १९५७ साली सरकारला विविध भारती काढावी लागली. तात्पर्य, लोकांना काय आवडत नाही हे लोकांना विचारल्याशिवाय ठरवणाऱ्यांची नेहमी हीच गत होते.

तिसरा युक्तिवाद सर्वांत गोंडस : 'तेव्हाचं सोडा, आता सगळं बदललंय.' बदललंय ना! २०१५ सालची गोष्ट सांगतो. किटीबाईंच्या गाण्याला त्रेसष्ट वर्षं झाली होती. मधल्या काळात लोरेटा लिन, टॅमी वायनेट, डॉली पार्टन अशा एकीपेक्षा एक गायिका होऊन गेल्या होत्या. आणि कीथ हिल नावाच्या एका रेडिओ-सल्लागारानं धंद्यातल्या पत्रात जाहीर सल्ला दिला की कंट्री रेडिओला श्रोते हवे असतील तर बायकांची गाणी कमी करा. वर उपमा दिली सॅलडची. पुरुष गायक म्हणजे सॅलडमधला पाला आणि बायका म्हणजे टोमॅटो. टोमॅटो मधून मधून हवेत, पण बेतानं! तिकडे यावर मोठं वादळ उठलं. गायिका चिडल्या, ते बरोबरच होतं. पण मला विचाराल तर त्या गृहस्थांनी प्रामाणिकपणे कबुली दिली. आमचे सेक्रेटरी तेच करतात, फक्त त्याला ते 'प्रतिष्ठा' म्हणतात. सतरा गाण्यांच्या कोशिंबिरीत चार टोमॅटो, तेही बिनमिठाचे!

खरं म्हणजे आपल्याला हा उपदेश अमेरिकेतून यावा याचीच मला लाज वाटते. सवालाला जवाब हा तर आपल्या मातीतला प्रकार. कलगी-तुऱ्याचे फड रात्र-रात्र रंगत. तुरेवाले शिवाची बाजू घेत, कलगीवाले शक्तीची. पुरुष श्रेष्ठ की प्रकृती, यावर डफ-तुणतुण्याच्या साथीनं पहाट होई. एकानं सवाल टाकला की दुसऱ्यानं जवाब दिलाच पाहिजे हा फडाचा नियम. जवाब आला म्हणून सवाल टाकणारा कधी प्रतिष्ठेचं नाव काढत नसे. फार तर दुसऱ्या दिवशी अवघड सवाल घेऊन येई. मग पांढरपेशांनी या फडातून एक गोष्ट शिताफीनं उचलली आणि एक टाकून दिली. सवाल ठेवला, जवाब काढून टाकला.

पुरावा हवा? 'एकच प्याला' घ्या. १९१९ साली रंगभूमीवर आलेलं गडकऱ्यांचं नाटक. थोर नाटक, वादच नाही. त्यात प्यायचं काम सुधाकराकडे आणि गायचं काम सिंधूकडे. बालगंधर्वांच्या सिंधूनं दोन पिढ्यांना रडवलं. पण सिंधू गाते काय? नवऱ्यानं संसाराची राखरांगोळी केली, पण बाईंच्या तोंडी तक्रारीचा सूर नाही. आपण टाळ्या वाजवतो सिंधूच्या गाण्याला. ती गात असती किटीबाईंचं गाणं, तर दुसऱ्या अंकाला थिएटर रिकामं झालं असतं.

आता त्या वाक्याकडे येतो. टाळत होतो, पण आलो.

१९८१ साली आमच्या हापिसचं स्नेहसंमेलन होतं. सहकुटुंब. मी 'एकच प्याला'तला प्रवेश बसवला होता आणि सुधाकर अर्थातच मी होतो. मी आयुष्यात कोकमाच्या सरबतापलीकडे गेलेलो नाही, पण झोकांड्या अशा दिल्या की साहेबांच्या सौभाग्यवतींनी डोळ्यांना पदर लावला. दुसऱ्या दिवशी शिपायानं मला वाकून नमस्कार केला. आणि आमची ही, लग्नाआधी जी गाण्याच्या दोन परीक्षा पास झाली होती, ती त्या संमेलनात एक लावणी म्हणणार होती. बैठकीची लावणी, जुनी, शाहिरी. दीड महिना ती ओट्याशी गुणगुणत होती. मला आठवतं, कुकरच्या शिट्टीलाही ती सम धरून थांबायची.

आदल्या रात्री मी म्हणालो, "अगं, साहेब असतील, लोक काय म्हणतील? दुसरं काही तरी म्हण ना."

ती काही बोलली नाही. दुसऱ्या दिवशी तिनं एक भावगीत म्हटलं. चांगलं म्हटलं. टाळ्या पडल्या, बेताच्याच. त्यानंतर ती कुठल्या संमेलनात गायली नाही. ओट्याशीही गुणगुणणं कधी बंद झालं, ते माझ्या लक्षात आलं नाही. मला वाटत होतं, कुकर बदलला म्हणून.

तेव्हा सेक्रेटरी, भांडण तुमच्याशी असलं तरी तुमच्या आधी रांगेत मी उभा आहे. एनबीसीनं निदान अनोळखी बाईचं गाणं बंद केलं. मी घरातलं केलं. शिवाय एनबीसीला स्टेजवर सुधाकर व्हायची हौस नव्हती!

कोजागिरीनंतरच्या रविवारी दुपारी मी ती रेकॉर्ड घरीच लावली. सुई खरखरली, स्टील गिटार रडायला लागली आणि किटीबाई गाऊ लागल्या. आवाज चढवणं नाही, ठसका नाही, मुरका नाही. वाटाण्याच्या शेंगा सोलता सोलता सांगावं तसं सरळ सांगणं. ही खरोखरच शेंगा सोलत होती. गाणं संपल्यावर म्हणाली, "पुन्हा लावा."

मी पुन्हा लावलं. मग भाच्यानं सांगितलेलं सगळं तिला सांगितलं. १९७६ साली बाईंना कंट्री म्युझिकच्या हॉल ऑफ फेममध्ये मानाची जागा मिळाली. पुढं अमेरिकेच्या सरकारी ग्रंथालयानं देशातल्या जपून ठेवण्याजोग्या ध्वनिमुद्रणांत या गाण्याची नोंद केली. २०१२ साली बाई वारल्या, ब्याण्णवाव्या वर्षी. नवरा आदल्या वर्षी गेला होता. संसार चौऱ्याहत्तर वर्षांचा. म्हणजे नवऱ्यांना जाब विचारणारं गाणं गायल्यानं घर मोडतं म्हणणाऱ्यांनी हाही आकडा लिहून ठेवावा.

हिनं सगळं ऐकून घेतलं. शेंगांची टरफलं कागदात गुंडाळली आणि म्हणाली, "त्या बाईला सव्वाशे डॉलर तरी मिळाले."

मी उठलो, कपाटातून सव्वाशे रुपये काढले आणि तिच्यासमोर ठेवले. तिनं ते मोजले.

"हे १९८१चे," ती म्हणाली. "व्याज?"

व्याजाचा हिशेब अजून चालू आहे. मी आयुष्यभर कारकुनी केली आहे, तरी तो जुळत नाही. परवा मात्र सकाळी स्वयंपाकघरातून एक ओळखीचा सूर आला. पहिली ओळ आली, दुसरी आली, आणि तिसरीला ती अडली. मी दाराशी जाऊन उभा राहिलो. "थांबलीस का?" म्हणून विचारलं.

"पुढचं विसरले," ती म्हणाली. "आणि तुम्ही तिथं उभे राहू नका. दुसरं काही तरी करा."

मी गुपचूप बाहेर येऊन बसलो आणि हे लिहायला घेतलं. पुढल्या कोजागिरीला गच्चीवर तिचं नाव यादीत आहे. ते मी दिलेलं नाही, तिनंच दिलं आहे. कुठलं गाणं, असं सेक्रेटरींनी विचारलं होतं. "दुसरं काही तरी," असं तिनं लिहून कळवलं आहे.